वरखीझची वाट

“झरीफ पडला म्हणजे? कुठून पडला?”

“छपरावरून. जर्दाळू वाळत घालायला चढला होता. खांद्याचं हाड मोडलंय.” लोचीननं दारातच जोडे काढले. “शुद्धीवर आहे. सगळ्यांना शिव्या देतोय. पण आता डोंगर चढायचा नाही तो.”

अक्नझरच्या हातातला रोटीचा तुकडा चहात पडला, तो त्यानं काढलाही नाही. म्हाताऱ्या झरीफच्या भरवशावर तो खोरोग शहरातून दोन पाहुणे घेऊन आला होता. दाशोरहून निघायचं, डोंगर ओलांडायचा आणि तिसऱ्या दिवशी पलीकडच्या खोऱ्यातल्या वरखीझला उतरायचं, असा बेत होता. झरीफ सोडला, तर त्या वाटेनं जाणारं आता गावात कुणी उरलं नव्हतं. शेवटचा कळप तिकडून गेला, त्यालाही वीस-बावीस वर्षं झाली होती. खोरोगच्या ज्या कंपनीसाठी अक्नझर वाटाड्याचं काम करायचा, तिथं त्याला स्पष्ट सांगितलं होतं: एकदा खरे पाहुणे घेऊन ही वाट चालून दाखव. ते धड पोचले, तर पुढच्या उन्हाळ्यापासून यादीत घालू.

यादीत जायचं होतं ते दाशोरलाही. वरच्या तळ्यापर्यंत जीपचा रस्ता झाला आणि पाहुणे गावावरून धूळ उडवत निघून जायला लागले. ज्या घरात एकेका रात्री आठ-आठ जण दाटीवाटीनं झोपायचे, त्या सफरमोच्या घरात गेल्या अख्ख्या उन्हाळ्यात पाच माणसं राहिली होती.

लोचीनची बायको सफरमो चुलीपाशी बसून खारट दूध-चहात लोणी सोडत होती. तिनं पळी खाली ठेवली.

“मला ठाऊक आहे ती वाट.”

कुणी लक्षच दिलं नाही. अक्नझर फोनमधला नकाशा मोठा करून बघत होता. त्यात डोंगराच्या जागी नुसता पांढरा डाग होता.

“मी त्याच वाटेनं आले ना या घरात,” ती जरा मोठ्यानं म्हणाली.

आता लोचीन हसला. “बत्तीस वर्षं झाली त्याला! नवरी होतीस तू. तोंडावर ओढणी. काय दिसलं तुला?”

“ओढणीतून सगळं दिसतं. बर्फावर तुमचे पाय लटपटत होते, तेही दिसलं.”

“काका, म्हणजे तुम्हीही होतात की!” अक्नझरनं एकदम मान वर केली. “तुम्हांला आठवते वाट?”

“मी होतो,” लोचीन म्हणाला, “पण मी कुठं वाटेकडं बघत होतो?”

घरात हशा पिकला. पाहुण्यांपैकी हालिनाबाईंना काय झालं ते कळेना. त्या पोलंडच्या, चौसष्ट वर्षांच्या. शाळेत भूगोल शिकवून निवृत्त झालेल्या. सोबत त्यांचा मुलगा तोमेक होता. बाईंना लहानपणी शाळेत रशियन शिकवलं होतं आणि सफरमोलाही. दोघींची रशियन सारखीच गंजलेली होती, त्यामुळे त्यांचं छान जमलं होतं. सफरमोनं त्यांना सगळं सांगितलं.

“तुमचे गुडघे कसे आहेत?” बाईंनी विचारलं.

“एक चांगला आहे.”

“माझाही एकच. चला, दोघींचे मिळून दोन झाले.”

“मावशी, वरती बर्फ आहे. हिमनदी आहे,” अक्नझर काकुळतीला आला.

“तू मला बर्फ सांगतोस? खोरोगचा तू. तुमचा बर्फ फ्रिजमध्ये असतो.”

“अगं, पण घरी कुणी पाहुणे आले तर?” लोचीननं शेवटचं हत्यार काढलं.

“तर तुम्ही चहा करा. मीठ निळ्या डब्यात आहे. तीस वर्षं तोच डबा आहे, पण म्हटलं सांगून ठेवावं.”

“नाव सफर, आणि सारी सफर चुलीपासून गोठ्यापर्यंत. आता एकदम डोंगर!” लोचीन बाहेर जाता जाता पुटपुटला. पण त्यानंच तिच्यासाठी विलोची काठी तासून आणली, टोक चुलीत भाजून घट्ट केलं आणि काही न बोलता दारापाशी टेकवून ठेवली.

तासाभरात ती निघाली. पायांत लोकरीचे मोजे आणि वर रबरी जोडे. गाठोड्यात रोट्या, वाळलेल्या तुती, एक जाड शाल. तोमेकनं तिच्या रबरी जोड्यांकडं बघितलं, मग स्वतःच्या भल्याथोरल्या बुटांकडं बघितलं आणि आईला काहीतरी म्हणाला.

“काय म्हणतो?”

“म्हणतो, या बाई पहिल्या दिवशीच घसरतील.”

“त्याला सांगा, मी याच जोड्यांत म्हैस-गाय काहीही पकडते.” मग तिचं तिलाच हसू आलं. “म्हैस मी बघितलेली नाही. पण पकडेन.”

गावाच्या वरच्या पाटापाशी बायका धुणं धूत होत्या. हातात बादली नाही, पाठीवर गवताचा भारा नाही आणि सफरमो भर सकाळी डोंगराकडं चाललीय, हे बघून त्यांनी हात थांबवले.

“कुठं गं?”

“माहेरी!” ती ओरडली. ते तोंडातून बाहेर पडलं मात्र, आणि तिच्या छातीत असं काही उसळलं की पुढचा चढ तिनं पळतच काढला. त्याचा परिणाम असा की पहिल्याच वळणावर तिला धाप लागून खाली बसावं लागलं.

पहिला दिवस सोपा होता. संध्याकाळी ते उन्हाळी कुरणावर पोचले. तिथं गावातल्या तिघी-चौघी गुरं घेऊन राहिल्या होत्या. त्यांनी ताज्या सायीची वाटी पुढं केली. सफरमो आणि हालिनाबाई दगडी झोपडीच्या भिंतीला पाठ टेकून, पाय लांब करून बसल्या.

“तिकडं कोण आहे तुमचं?”

“बहीण. गुलसिफत. तिच्याच घरी उतरायचंय तुम्हांला. चुलीवरचं सगळं चांगलं करते, फक्त बोलते फार.”

“आई?”

“आठ वर्षं झाली. फेब्रुवारीत गेली. रस्ता बर्फानं बंद होता, फोन तेव्हा इकडं नव्हते. मला नवव्या दिवशी कळलं.” सफरमोनं वाटीच्या कडेची साय बोटानं पुसून घेतली. “रस्त्यानं म्हणजे जीपनं खाली मोठ्या नदीपर्यंत जायचं, मग दुसऱ्या खोऱ्यातून वर. दोन दिवस. बत्तीस वर्षांत मी चारदा गेले. देशात लढाई पेटली त्या काळात तर गाड्याच नव्हत्या. पीठ नव्हतं. दोन मुलं अंगावर. त्या वर्षांत तिकडून कुणी डोकावलं नाही, मीही गेले नाही. मग मनात राहतं हो काहीतरी. आई बोलायची कमी. मी निघाले तेव्हा रडलीसुद्धा नाही.”

बाईंनी साय लावलेली रोटी तिच्या हातात दिली. “खा. उद्या चढायचंय.”

दुसऱ्या दिवशी दुपारी ते खिंडीखालच्या दगडधोंड्यांच्या पट्ट्यात पोचले. सफरमो सगळ्यांच्या पुढं होती. तिला सगळं आठवत होतं. आता एक काळा सुळका येईल, दाढेसारखा. त्याच्या डावीकडून बर्फाचा उतार थेट खिंडीत जातो. वडील पुढं बर्फात पायऱ्या खोदत होते, तिनं वडिलांचे जुने मोठे बूट घातले होते आणि त्यांत लोकर कोंबली होती. एवढंच काय, कुणाला शिंक आली तेही तिला आठवत होतं.

सुळका आला. बर्फ नव्हता.

सुळक्याच्या डावीकडं चाळीस पुरुष उंचीचा गुळगुळीत, उघडा कातळ होता. त्यावरून पाण्याच्या धारा ओघळत होत्या. हिमनदी खूप खाली, एखाद्या आजारी जनावरासारखी मळकी होऊन पडली होती.

“बर्फ कुठं गेला?” तिनं विचारलं. जणू कुणी उचलून नेला होता.

“सगळीकडचाच जातोय, मावशी,” अक्नझर म्हणाला. “आता?”

आता काय, ते तिला ठाऊक नव्हतं. पण मागं वळून तसं म्हणायला जीभ रेटेना. उजवीकडं एक घळ दिसत होती. “इथून,” ती म्हणाली. आवाज ठाम निघाला, त्याचं तिलाच नवल वाटलं.

तीन तास ते त्या घळीतून चढले. वर घळीचं तोंड पुढं आलेल्या कड्यानं बंद केलेलं होतं. ते तिथं उभे असतानाच वरून एक दगड सुटला, शीळ घालत तोमेकच्या कानाजवळून गेला आणि खाली फुटला.

“उतरा! भिंतीला धरून! सगळे खाली!”

 खाली पोचून तंबू ठोकून झाल्यावर अक्नझर तिच्यासमोर येऊन उभा राहिला. 

“मावशी, राग मानू नका. तुम्हांला वाट ठाऊक नाहीये. तुम्हांला लग्न आठवतंय.”

 पोरगं खरं बोलत होतं.

“उद्या सकाळी परत फिरायचं,” तो म्हणाला. “मी साहेबांना काय ते सांगेन.”

सकाळी सगळ्यांच्या आधी ती किटली घेऊन पाण्याला गेली. ऊन अजून खाली उतरलं नव्हतं. सुळक्याचं टोक तेवढं तांबूस झालं होतं. ती वाकून किटली भरत होती, तेवढ्यात वर कुठंतरी खडा घरंगळला. तिनं मान वर केली.

रानबकऱ्या होत्या. उघड्या कातळाच्याही बऱ्याच डावीकडं, जिथं आदल्या दिवशी कुणी बघितलंही नव्हतं, तिथं त्या एकामागं एक चालल्या होत्या. कड्यावर चिकटून नाही, उड्या मारतही नाही. आरामात, गावातल्या गल्लीतून चालाव्यात तशा. सात माद्या आणि मध्ये पिल्लं. त्या तिरक्या वर गेल्या, आभाळाच्या कडेशी क्षणभर उभ्या राहिल्या आणि एकेक करून पलीकडं नाहीशा झाल्या. शेवटचं पिल्लू जरा रेंगाळलं. मग तेही गेलं.

सफरमोच्या हातून किटली सुटली.

“उठा! अरे, उठा! अक्नझर! ऊठ रे, मेल्या!”

तो तंबूतून अर्धा बाहेर आला, एक पाय बुटात. “काय झालं? कोण पडलं?”

“कुणी नाही पडलं! गेल्या, पलीकडं गेल्या! तिथून! ते बघ, तो पट्टा दिसतो का? पिवळट? कातळ संपतो तिथून निघालाय बघ, थेट वर!”

“कोण गेल्या?”

“बकऱ्या!”

अक्नझरनं डोळे मिटून घेतले. “मावशी, त्या बकऱ्या आहेत.”

“यंदाची पिल्लं होती त्यांच्यात! तीन महिन्यांची! त्यांना झेपलं, ते तुला झेपणार नाही?”

हालिनाबाई तंबूच्या तोंडाशी केस विंचरत बसल्या होत्या. त्यांनी शांतपणे विचारलं, “पिल्लं होती? मग बघायला काय हरकत आहे?”

अक्नझर दोर घेऊन एकटाच चढला. खाली तिघं मान वर करून बसली. तो पट्ट्याला लागला, दिसेनासा झाला. सफरमोनं तोंडात तुती टाकली, पण चावायची विसरली. अर्धा तास गेला, पाऊण तास गेला. मग आभाळाच्या कडेशी एक ठिपका उभा राहिला आणि त्यानं दोन्ही हात वर करून असे हलवले, असे हलवले, की तोमेकनंही खालून आरोळी ठोकली.

पट्टा खालून दिसत होता त्यापेक्षा रुंद निघाला. दोन माणसं शेजारी चालतील एवढा. बर्फ होता तेव्हा तो बर्फाखाली होता, म्हणून तो कुणालाच ठाऊक नव्हता. दोन अवघड जागी अक्नझरनं दोर बांधला. सफरमोनं दोराला हात लावला नाही. रबरी जोडे कातळाला पालीसारखे चिकटत होते आणि तिच्या मागून तोमेक त्या जोड्यांकडं बघत, ती ठेवील तिथंच आपलं पाऊल ठेवत चढत होता.

खिंडीत वारा एवढा होता की उभं राहवत नव्हतं. “या अली,” ती म्हणाली आणि पलीकडं बघितलं. खाली, कितीतरी खाली, करड्या डोंगरांच्या मांडीवर हिरवा तुकडा होता. रुमाल पडावा तेवढा. त्याच्या कडेनं नदीचा दोरा.

“वरखीझ!” ती ओरडली. वाऱ्यानं शब्द पळवला. ती पुन्हा ओरडली. मग हालिनाबाई ओरडल्या, तोमेक ओरडला, आणि अक्नझर, जो आपण कंपनीचा माणूस आहोत हे कधी विसरत नसे, तो टोपी काढून गरागरा फिरला. “पास, मावशी! झालो आपण पास! लिहितो यादीत, पुढच्या उन्हाळ्यापासून!” त्यानं इकडच्या रीतीप्रमाणे तिचा हात धरून त्याचं चुंबन घेतलं. तिनं त्याच्या हाताचं घेतलं. मग चौघांनीही एकमेकांच्या हातांची चुंबनं घेतली. त्यात कुणाचं दोनदा झालं, कुणाचं राहिलं.

पलीकडचा उतार बारीक खडीचा होता. लांबच लांब, वाळूसारखी सरकणारी खडी.

“आता हळू,” अक्नझर म्हणाला. “एकेक पाऊल. मावशी, तुम्ही माझ्या मागं...”

पण मावशी जागेवर नव्हती. असल्या खडीवर तिचं लहानपण गेलं होतं. टाचा रोवायच्या, मागं झुकायचं आणि सोडून द्यायचं. ती सुटली. एका ढांगेत तीन-तीन हात, काठी मागं नांगरासारखी, ओढणी सुटून फडफडतेय, खडीची लाट सोबत धावतेय. वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी, दोन नातवंडांची आजी, ती पोटभर हसत डोंगर उतरत होती.

“मावशी! अहो मावशी! थांबा!”

“नाही थांबता येत!” खालून आवाज आला. “यात थांबता येतच नाही!”

त्या दिवशी ते खालच्या झऱ्यापाशी राहिले. तिचा चांगला गुडघा सुजला. बाईंनी आपल्या पिशवीतलं मलम चोळून दिलं आणि म्हणाल्या, “आता आपल्या दोघींत मिळून एकच उरला.”

चौथ्या दिवशी सकाळपासून वाट नव्हतीच. आधी दरडी, मग रानगुलाबाच्या काटेरी जाळ्या. अक्नझर पुढं होऊन फांद्या तोडत होता आणि ओरखड्यांनी त्याचे हात लाल झाले होते. “इथं पाहुणे आणायचे म्हणजे आधी चार माणसं लावून आठवडाभर काम करावं लागेल,” तो म्हणत होता. दहाच्या सुमाराला ते घराएवढ्या एका दगडाला वळसा घालून पुढं आले आणि तो एकदम थांबला.

“मावशी, हे काय?”

समोर वाट होती. अंधूक माग नव्हे, वाट. हातभर रुंद, उताराला आडवी, दोन्ही कडांना दगड नीट लावून ठेवलेले. काही ठिकाणी खालच्या अंगाला बांधही घातला होता. मधून मधून ओल्या जागी सपाट फरशा टाकल्या होत्या. झाडोरा माजला होता, वरून ढासळलेले दगड मध्ये येऊन पडले होते, पण वाट डोळ्यांसमोर उतरत गेली होती, वळणामागून वळण, थेट खालपर्यंत.

“ही तेव्हा नव्हती,” सफरमो म्हणाली. “तेव्हा इथं पाय ठेवायला जागा नव्हती. मला भावानं पाठीवर घेतलं होतं.”

“म्हणजे इकडून कुणीतरी येतं-जातं!” अक्नझरचा आनंद गगनात मावेना. त्यानं तोमेकला फोटो काढायला लावले. “अर्धं काम झालेलंच आहे!”

तासभर ते झपझप उतरले. आणि खालच्या वळणावरून एक ठेंगणी बाई वर येताना दिसली. एका हातात चहाचा डबा, दुसऱ्या हातात रोट्यांचं फडकं.

“काल येणार होतीस! लोचीननं फोनवर सांगितलं होतं!” ती लांबूनच ओरडली. “काल दिवसभर या उन्हात बसले मी! म्हटलं, बया वाटेतच म्हातारी झाली की काय!”

“तू बघ स्वतःकडं! आंबट जर्दाळूसारखं तोंड झालंय!”

मग त्या एकमेकींपाशी पोचल्या, हात हातांत घेतले, हातांची चुंबनं घेतली, डोळ्यांची घेतली आणि बराच वेळ नुसत्या एकमेकींच्या दंडांना धरून उभ्या राहिल्या. गुलसिफतनं सगळ्यांना तिथंच बसवून चहा ओतला. बोलण्याला खळ नव्हता. गुलसिफतनं घर कसं सारवून ठेवलंय, पाहुण्यांसाठी नव्या गाद्या कशा शिवल्यात, शेजारीण कशी जळतेय.

“काकू,” अक्नझरनं मध्येच विचारलं, “ही वाट कुणाची? गुरं येतात का वर?”

“गुरं कुठली. काटे खायला येतील?” गुलसिफतनं त्याच्या वाटीत आणखी चहा ओतला. “आईचं काम ते.”

सफरमोनं वाटी तोंडापासून खाली घेतली.

“लढाई सुरू झाली ना, गाड्या बंद पडल्या, त्या वर्षी लागली ती. नांगरणी आटोपली की पहार घेऊन वर यायची. मी म्हणायचे, आई, कोण येतंय इकडून? तर म्हणायची, दाशोरमध्ये पीठ संपलं तर पोर दोन लेकरं घेऊन याच बाजूनं येईल, दुसरीकडून कशी येईल? दर वर्षी थोडं थोडं वर. त्या मोठ्या दगडापर्यंत पोचली. त्याच्या वर एकटीनं जायला भीती वाटायची तिला. मग गाड्या सुरू झाल्या, तरी यायचीच. बर्फ वितळला की पडलेले दगड काढायची. सवय लागली होती. जायच्या आधीच्या वसंतातसुद्धा आली होती, मध्ये चार ठिकाणी बसत बसत.”

“मला कधी बोलली नाही,” सफरमो म्हणाली.

“बोलायची कधी ती? तू चारदा आलीस, चारही वेळा जीपनं. तेव्हा काय सांगणार, की मी तुझ्यासाठी वाट केलीय?”

हालिनाबाईंना शब्द कळले नव्हते. त्या सफरमोच्या जरा जवळ सरकून बसल्या. अक्नझर फोन खिशात ठेवून उगाच बुटाची नाडी बांधायला लागला.

चहा संपला. गुलसिफतनं वाट्या गोळा केल्या. सफरमो तिला मदत करायला वाकली, तर ती म्हणाली, “ठेव. आज तू पाहुणी.”

“तुम्ही व्हा पुढं,” सफरमो म्हणाली. “यांना भूक लागली असेल. मी येते मागून.”

“गुडघा दुखतोय का, मावशी? मी थांबू?”

“नको. जा तू. त्यांना घर दाखव.”

ते उतरायला लागले. पहिल्या वळणावर अक्नझरनं मागं बघितलं. सफरमोनं काठी झाडाला टेकवून ठेवली होती. बाह्या वर सारल्या होत्या. वाटेच्या मध्ये आठ वर्षांत वरून पडलेला एक दगड होता, मध्यम आकाराचा. तिनं दोन्ही हातांनी तो धरला, हलवून सैल केला आणि कडेच्या रांगेत नेऊन बसवला. मग दोन पावलं खाली आली आणि पुढच्या दगडाशी वाकली.

तो थांबलेला बघून गुलसिफतनं त्याच्या कोपराला धरलं. “चल,” ती म्हणाली. “तिला वेळ लागेल.”

शेतं लागली. खाली जर्दाळूच्या झाडांपाशी गावातली पोरं-बायका पाहुण्यांना बघायला जमली होती. कुणीतरी डफ आणला होता. आणि तो वाजायला लागेपर्यंत, वरून, थांबून थांबून, दगडावर दगड बसल्याचा आवाज येत होता.